अ म्हणजे आंबा नव्हे

सातवीच्या वर्गात बैजिक राशींची बेरीज सुरू झाली की फळ्यावर एक उदाहरण हटकून येते : ३अ + २ब = किती? वर्गातली बरीच मुले '५अब' असे उत्तर देतात. मग शिक्षक हसून म्हणतात, "अरे, अ म्हणजे आंबे आणि ब म्हणजे बटाटे समजा. तीन आंबे आणि दोन बटाटे मिळून पाच काय होतील? आंबेबटाटे?" वर्ग खळखळून हसतो. पुन्हा ती चूक कोणी करत नाही, निदान त्या तासाला तरी. शिक्षक समाधानाने पुढच्या उदाहरणाकडे वळतात.

कर्जत तालुक्यातील कळंबच्या परिसरात शिकवताना मीही कित्येक वर्षे हेच करत आलो. या युक्तीचा मला थोडा अभिमानही होता. ती मी माझ्या शिक्षकांकडून घेतली होती, त्यांनी त्यांच्या शिक्षकांकडून घेतली असणार. अशा युक्त्या पुस्तकात असोत वा नसोत, त्या एका पिढीकडून दुसरीकडे तोंडी चालत येतात आणि म्हणूनच त्यांची परीक्षा सहसा कोणी करत नाही. या लेखात ती करायची आहे. माझे म्हणणे थोडक्यात असे : ही युक्ती उत्तर बरोबर आणते, पण कारण चुकीचे सांगते, आणि त्या चुकीच्या कारणाची किंमत विद्यार्थ्याला पुढे आठवी-नववीत मोजावी लागते.

(चलांसाठी पुस्तकांत रोमन अक्षरे वापरतात. येथे मी अ, ब, प अशी देवनागरी अक्षरे घेतली आहेत. गणितात त्याने काही फरक पडत नाही.)

एक न दिलेले उत्तर

बेरीज-वजाबाकी संपवून आम्ही गुणाकाराकडे आलो होतो. फळ्यावर ३अ × २ब = ६अब असे लिहिले. मागच्या बाकावर एक मुलगा बसत असे. तो ठाकरवाडीतून चालत शाळेत येई. त्याने हात वर केला आणि विचारले, "गुरुजी, आंबा गुणिले बटाटा म्हणजे काय?"

वर्ग हसला. मला तो आगाऊपणा वाटला. मी म्हणालो, "नियम लक्षात ठेव. अंकाला अंकाने गुणायचे, अक्षराला अक्षर जोडायचे." तो खाली बसला. त्यानंतर बीजगणिताच्या तासाला त्याने प्रश्न विचारल्याचे मला आठवत नाही. वार्षिक परीक्षेत त्याने अंकगणिताची उदाहरणे नीट सोडवली होती आणि बीजगणिताची जागा कोरी ठेवली होती.

त्याचा प्रश्न हा त्या वर्षी माझ्या वर्गात विचारलेला सर्वांत चांगला प्रश्न होता, हे कळायला मला पुष्कळ काळ लागला. मी सांगितलेल्या गोष्टीवर त्याने विश्वास ठेवला होता. अ म्हणजे आंबा असेल, तर अब म्हणजे काय, हे विचारणे भागच होते. ज्यांनी विचारले नाही त्यांनी माझी गोष्ट मनातल्या मनात सोडून दिली होती, एवढाच त्याचा अर्थ.

उपमेची परीक्षा

कोणतीही उपमा कुठे तरी तुटतेच. म्हणून ती वाईट ठरत नाही. पण ज्या मुद्द्यासाठी ती वापरली, निदान तिथे तरी ती टिकली पाहिजे. आंबे-बटाट्यांची उपमा तिथे टिकते का, ते पाहू.

पहिली गोष्ट, बेरजेचीच. तीन आंबे आणि दोन केळी यांची बेरीज होत नाही, असे आपण सांगतो. पण ती होते! टोपलीत पाच फळे आहेत. बाजारात बसणाऱ्या कोणत्याही बाईला विचारा. दोन म्हशी आणि तीन गाई मिळून पाच जनावरे होतात, हे मुलाला आपण पहिलीतच शिकवलेले असते. म्हणजे भिन्न वस्तूंची बेरीज होत नाही हा नियम मुळात खराच नाही, आणि मुलाला हे ठाऊक असते.

दुसरी गोष्ट, सुट्या संख्येची. ३अ + २ याचे उत्तर मुले ५अ लिहितात. येथे आंबे मदतीला येत नाहीत. तीन आंबे आणि दोन... दोन काय? मुलगा साहजिकच म्हणतो, दोन आंबेच असणार, दुसरे कशाबद्दल बोलतोय आपण? उपमेने चूक थांबवली नाही. उलट तिला आधार दिला.

तिसरी गोष्ट, ऋण पदांची. २अ − ५अ = −३अ. हातात दोन आंबे असताना पाच खायचे कसे? उधारीची गोष्ट सांगून वेळ मारून नेता येते, पण आता आपण उपमेला टेकू देत असतो.

चौथी गोष्ट, गुणाकाराची आणि घाताची. अब आणि अ² यांना आंब्यांच्या जगात अर्थच नाही. मागच्या बाकावरच्या मुलाने दाखवले ते हेच.

पाचवी आणि सर्वांत महत्त्वाची गोष्ट, किमतीची. दोन पानांनंतर पुस्तक विचारते : अ = ४, ब = ७ असताना ३अ + २ब ची किंमत काढा. आंबा बरोबर चार? ज्या अक्षराला आपण वस्तू म्हटले, ते आता एकाएकी संख्या होते. ते पहिल्यापासून संख्याच होते, हे मात्र आपण मुलांना सांगितलेले नसते.

हा दोष केवळ तात्त्विक आहे का?

कोणी म्हणेल, पुढे सवयीने सगळे ठीक होते. अनुभव आणि अभ्यास दोन्ही तसे सांगत नाहीत.

इंग्लंडमध्ये १९७० च्या दशकात माध्यमिक शाळांतील मुलांच्या गणिताच्या आकलनाची मोठी पाहणी झाली. तिचा बीजगणिताचा भाग डीटमार क्यूखेमान यांनी १९८१ मध्ये प्रसिद्ध केला. त्यातला एक प्रश्न आपल्या भाषेत असा मांडता येईल : निळी पेन्सिल ५ पेन्सना, लाल पेन्सिल ६ पेन्सना मिळते, मी काही निळ्या आणि काही लाल पेन्सिली घेतल्या, एकूण ९० पेन्स झाले, निळ्या पेन्सिलींची संख्या न आणि लालची ल असेल, तर न आणि ल बद्दल काय लिहिता येईल? उत्तर आहे ५न + ६ल = ९०. चौदा वर्षांच्या मुलांपैकी ते जेमतेम दहा टक्क्यांनी लिहिले. त्याहून अधिक मुलांनी न + ल = ९० असे लिहिले, म्हणजे "निळ्या आणि लाल पेन्सिली मिळून नव्वद पेन्स". त्यांच्या दृष्टीने न ही पेन्सिलींची संख्या नव्हती, ती पेन्सिलच होती. क्यूखेमान यांनी अक्षराच्या या अर्थाला 'वस्तू म्हणून अक्षर' असे नाव दिले.

त्याच वर्षी अमेरिकेत क्लेमेंट, लॉकहेड आणि मंक यांनी अभियांत्रिकीच्या पहिल्या वर्षाच्या १५० विद्यार्थ्यांना दिलेल्या एका प्रश्नाची हकिगत प्रसिद्ध केली. एका विद्यापीठात विद्यार्थी प्राध्यापकांच्या सहापट आहेत, विद्यार्थ्यांची संख्या व, प्राध्यापकांची प, समीकरण लिहा. बरोबर उत्तर व = ६प. सदतीस टक्के विद्यार्थी चुकले आणि चुकलेल्यांपैकी बहुतेकांनी ६व = प असे उलटे लिहिले. "सहा विद्यार्थ्यांमागे एक प्राध्यापक" हे वाक्य त्यांनी जसेच्या तसे अक्षरांत उतरवले होते. हे सातवीचे विद्यार्थी नव्हते, होणारे अभियंते होते. हाच प्रश्न आपल्या दहावीच्या वर्गाला देऊन पाहावा.

मूल ५अब का लिहिते?

चूक सुधारण्याआधी ती का होते हे पाहिले पाहिजे. यामागे मुलाचा निष्काळजीपणा नाही. आपण आधी शिकवलेलेच त्यामागे आहे.

सहा वर्षे मुलाने शिकलेले असते की बरोबरच्या चिन्हानंतर एकच संख्या येते आणि त्यात बेरजेचे चिन्ह उरलेले नसते. १२ + ७ = १९. 'उत्तर : १२ + ७' असे लिहिले तर आपण शून्य गुण देतो. आता अचानक '३अ + २ब' हेच उत्तर, असे आपण म्हणतो. मुलाला ते अर्धवट वाटते, म्हणून तो मधले चिन्ह काढून टाकतो.

दुसरे कारण लेखनाचे. ३७ म्हणजे ३० + ७. २½ म्हणजे २ + ½. शेजारी शेजारी लिहिणे म्हणजे मिळवणे, हे तो अंकगणितात पाहत आला आहे. बीजगणितात मात्र २अ म्हणजे २ × अ. हा बदल एका वाक्यात उरकण्याजोगा नाही. शिवाय '५ मी.' मधले अक्षर मीटरचे लघुरूप आहे, '५म' मधले अक्षर मात्र एक संख्या आहे. एकाच पाटीवर दोन्ही असतात आणि फरक आपण सांगत नाही.

आंब्या-बटाट्यांनी यांपैकी एकही कारण दूर होत नाही.

सजातीय की सरूप?

मग व्याख्या तरी मदत करते का? 'ज्या पदांतील चल आणि त्यांचे घातांक समान असतात ती सजातीय पदे.' व्याख्या अचूक आहे. पण ती पदे ओळखायची कशी एवढेच सांगते. त्यांचीच बेरीज एका पदात का होते, हे सांगत नाही. काही पुस्तकांत 'सरूप पदे' हा शब्द येतो. शब्द सोपा आहे, पण मुलाचे लक्ष तो दिसण्याकडे नेतो. मग ४अब आणि ३बअ ही पदे त्याला विरूप वाटतात, कारण ती वेगळी दिसतात. अब आणि बअ या एकच संख्या आहेत, कारण ४ × ७ आणि ७ × ४ एकच आहेत, हे दिसण्यावरून कळत नाही. त्यासाठी अक्षरामागची संख्या आठवावी लागते.

'सजातीय' हा शब्द मला अधिक बरा वाटतो. त्याला आपल्याकडे मोठा इतिहासही आहे.

माणके, नीलमणी आणि मोती

भास्कराचार्यांनी शके १०७२ मध्ये, म्हणजे इ. स. ११५० मध्ये, सिद्धांतशिरोमणी रचला. त्यांचे बीजगणित याच परंपरेतले. पुढे त्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापन केला. त्याची नोंद चाळीसगावजवळच्या पाटण येथील शिलालेखात शके ११२८ च्या सुमारास झाली आहे. हा लेख एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी अभ्यासकांपुढे आणला. तेव्हा सजातीय पदांचा अभ्यास महाराष्ट्रात आठशे वर्षांपूर्वीही होत होता, असे म्हणायला हरकत नाही.

भास्कराचार्य पहिल्या अज्ञात राशीला 'यावत्-तावत्' म्हणतात, पुढच्यांना कालक, नीलक, पीतक अशी रंगांची नावे देतात. लिहिताना पहिली अक्षरे घेतात : या, का, नी, पी. एका जातीच्या राशींचीच बेरीज-वजाबाकी करून एक राशी करावी, भिन्न जातींच्या वेगळ्या मांडाव्यात, हा त्यांचा नियम. आता यात दोन बारकावे पाहा.

'यावत्-तावत्' म्हणजे 'जितके तितके'. नावातच परिमाण आहे, वस्तू नाही. दुसरे असे, की सुट्या संख्येलाही ते स्वतःचे चिन्ह देतात : रू, म्हणजे रूप. आपण ज्याला ३अ + २ लिहितो, ते त्यांच्याकडे 'या ३ रू २' असे होईल. सुटी संख्या उघडी पडत नाही. तिचीही एक जात आहे. ३अ + २ चे ५अ करणाऱ्या मुलाला नेमके हेच दिसत नसते. अज्ञात राशींच्या गुणाकारालाही त्यांनी 'भावित' असे वेगळे नाव दिले आहे.

त्यांचे एक उदाहरण तर आपल्या प्रश्नासाठीच दिल्यासारखे आहे. एकाजवळ ५ माणके, ८ नीलमणी, ७ मोती आणि ९० नाणी आहेत. दुसऱ्याजवळ ७ माणके, ९ नीलमणी, ६ मोती आणि ६२ नाणी आहेत. दोघांची संपत्ती सारखी आहे. तर प्रत्येक रत्नाची किंमत सांगा.

आंबे-बटाट्यांच्या नियमाने हे उदाहरण सुरूच होणार नाही : माणके वेगळी, मोती वेगळे, बेरीज कशी करणार? भास्कराचार्य एका रीतीत मोत्याची किंमत 'या' मानतात, नीलमण्याची त्याच्या दुप्पट, माणकाची तिप्पट. (अज्ञात तीन आणि समीकरण एक; म्हणून असे काही मानून घ्यावे लागते. दुसरे काही मानले तर दुसरी उत्तरेही येतात.) आता पहिल्याची संपत्ती :

१५या + १६या + ७या + ९० = ३८या + ९०

दुसऱ्याची :

२१या + १८या + ६या + ६२ = ४५या + ६२

दोन्ही सारख्या, म्हणून ७या = २८, या = ४. मोती ४, नीलमणी ८, माणिक १२. पडताळा घ्या : ६० + ६४ + २८ + ९० = २४२ आणि ८४ + ७२ + २४ + ६२ = २४२.

येथे काय झाले? वस्तू तीन भिन्न जातींच्या होत्या, तरी पदे सजातीय झाली, कारण अक्षर रत्नाचे नव्हते, किमतीचे होते. पदांची जात वस्तूवरून ठरत नाही. ती संख्येवरून ठरते.

पायली

याची उलट बाजू आपल्या गावातच सापडते. कर्जत भाताचा तालुका. 'कर्जत' नावाचे भाताचे वाण येथील संशोधन केंद्राने महाराष्ट्रभर पोचवले. येथील म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी पायली, शेर हे शब्द अजून आहेत. १९५६ च्या कायद्यानंतर मेट्रिक मापे आली, पण त्याआधी माप गावागावाला बदलत असे. पायली साधारण चार शेरांची, तरी सगळीकडची पायली सारखीच भरेल असे नव्हते.

बीजगणितासाठी हे वाणच आहे. एका पायलीत प शेर समजू. घरात ३ पायल्या तांदूळ, शेजारून २ पायल्या आले. एकूण ५ पायल्या. आता शेरांत मोजा. पायली ४ शेरांची असेल तर १२ + ८ = २०, म्हणजे ५ × ४. पायली ५ शेरांची असेल तर १५ + १० = २५, म्हणजे ५ × ५. साडेतीन शेरांची असेल तर १०½ + ७ = १७½, म्हणजे ५ × ३½. पायली कितीही शेरांची असो, ३प + २प = ५प. हे 'कितीही असो' म्हणजेच बीजगणित. आणि त्यामागचे कारण मुलाने पाचवी-सहावीत शिकलेला वितरणाचा नियमच आहे : ३ × प + २ × प = (३ + २) × प.

आता ३ पायल्या आणि २ सुटे शेर : ३प + २. पायली ४ ची तर १४ शेर, ५ ची तर १७. पाच पायल्या मात्र २० किंवा २५ शेर. तेव्हा ३प + २ म्हणजे ५प नव्हे. येथे एक गोष्ट मुलांना स्पष्ट सांगावी : ३प + २ ची बेरीज 'होत नाही' असे नाही. ती झालेलीच आहे. पायली केवढी हे कळेपर्यंत ती याहून आटोपशीर लिहिता येत नाही, एवढेच.

आणि तिसरा प्रकार. द्यायचे माप लहान आणि घ्यायचे माप मोठे, अशी सावकारांची ख्याती जुनी माणसे सांगतात. लहान पायलीत ल शेर, मोठीत म शेर. तीन पायल्या नेल्या, तीन पायल्या परत केल्या. फिटले? शेरांत पाहिले तर ३म − ३ल एवढे जादा गेले. तांदूळ तोच, मापाचे नावही तेच, तरी पदे विजातीय! रत्ने भिन्न असून पदे सजातीय होती. येथे वस्तू एकच असून पदे विजातीय आहेत. आंब्यांचा नियम दोन्हीकडे फसतो.

धान्य उसने घेण्याचे दरही याच भाषेत बसतात. सवाईने ब शेर आणले तर परत करायचे ब + ब/४ = ५ब/४; दिढीने आणले तर ब + ब/२ = ३ब/२. कशेळे येथील अ‍ॅकॅडमी ऑफ डेव्हलपमेंट सायन्स या संस्थेने याच भागात आदिवासींसाठी धान्यबँका चालवल्या, त्या अशा कर्जातून सुटका व्हावी म्हणूनच. 'ब + ब/२' चे 'ब²/२' करणाऱ्या मुलाला विचारावे : आठ शेर दिढीने आणले तर आजी किती परत करील? बारा, की बत्तीस? उत्तर त्याला ठाऊक असते. ब च्या आधीचा न लिहिलेला १ त्याला तिथे दिसतो. सवायकी, दिडकी, अडीचकी म्हणणाऱ्या पिढीला अपूर्णांकी सहगुणक तोंडपाठ होते, ही आठवणही येथे द्यावी.

पदे पाहायला शिकणे

अंकगणितातून बीजगणितात जाण्याच्या या वाटेवर मुंबईच्या होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्रात राखी बॅनर्जी आणि के. सुब्रमण्यम यांनी सहावीच्या विद्यार्थ्यांबरोबर काम केले. त्याचा वृत्तांत २०१२ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातली मुख्य कल्पना साधी आहे. अक्षरे आणण्याआधी संख्यांच्याच राशींमध्ये पदे पाहायला शिकवायचे, आणि प्रत्येक पद आपल्या चिन्हासह घ्यायचे.

उदाहरणार्थ, ५० − १० + १० यात पुष्कळ मुले १० + १० आधी करून ३० उत्तर काढतात. पदांना चौकटी करा : [+५०] [−१०] [+१०]. आता चूक आपोआप टळते. ५ + ३ × ४ मध्ये पदे दोनच : [+५] [+३ × ४]. मग ७ × १८ + ३ × १८ हे गुणाकार न करता सोडवायला सांगा. १८ चे सात आणि १८ चे तीन, मिळून दहा : १८०. ज्याला हे दिसले त्याला ७अ + ३अ = १०अ वेगळे शिकवावे लागत नाही. ७ × १८ + ३ × २५ मात्र असे एकत्र होत नाही. मुलाला स्वतःलाच ते कळते. ७अ − ३ + २अ मध्येही [+७अ] [−३] [+२अ] अशा चौकटी केल्या की ९अ − ३ हे सहज येते.

काही आक्षेप

साठ मुलांच्या वर्गात एवढा वेळ कुठे, असे सहकारी विचारतात. प्रश्न खरा आहे. आंबे-बटाटे दोन मिनिटांत होतात, पायलीला एक तास लागतो. पण नंतर समीकरणे, किंमत काढणे, शाब्दिक उदाहरणे यांत जे तास जातात ते हिशेबात धरावेत.

दुसरा आक्षेप : पायली ही तरी वस्तूच नव्हे का? 'पायली' नावाने शिकवले आणि 'शेर' सोडून दिले, तर होय, ती आंब्यासारखीच होईल. म्हणून प्रत्येक वेळी 'एका पायलीत किती शेर' हे विचारलेच पाहिजे. आणि ऋण पदांपाशी पायलीही अपुरी पडते. पण ती सोडून देताना 'प ही संख्या आहे' हे वाक्य हातात राहते. आंबा सोडला तर काहीच राहत नाही.

तिसरा आक्षेप : आम्हीही असेच शिकलो, आमचे काय बिघडले? ज्यांचे बिघडले ते शिक्षक झाले नाहीत, एवढेच म्हणता येईल. घरी विचारायला कोणी असेल, तर मूल शिक्षकाची उपमा बाजूला ठेवून पुढे जाते. ज्याच्या घरातले तेच पहिले शाळेत आले आहे, ते गुरुजींचा शब्द खरा मानते आणि तिथेच अडकते. आपल्या युक्तीचा भार नेमका अशा मुलांवर पडतो.

वर्गात करून पाहण्याजोगे

एक : पडताळा घेताना १ किंवा ० घेऊ देऊ नये. अ = १, ब = १ घेतले तर ३अ + २ब आणि ५अब दोन्ही ५ येतात, आणि चूक बरोबर ठरते! अ = २, ब = ५ घ्या : १६ आणि ५०.

दोन : 'अ म्हणजे पेन' असे म्हणू नये, 'अ म्हणजे पेनांची संख्या' किंवा 'एका पेनाची किंमत' असे पूर्ण म्हणावे, आणि मुलांकडूनही म्हणवून घ्यावे.

तीन : अ + अ² ला २अ² किंवा अ³ म्हणणाऱ्याला अ = ३ घालून १२, १८ आणि २७ काढू द्यावे.

चार : अब साठी भाताच्या खाचरात जावे. एका खाचराची लांबी अ पावले, रुंदी ब पावले, क्षेत्रफळ अब. आता ३अ लांब आणि २ब रुंद जमीन बांध घालून वाटा. अब ची सहा खाचरे होतात. ३अ × २ब = ६अब.

त्या मुलाला द्यायचे उत्तर हेच होते. त्याच्या वाडीवरून शाळेकडे येणारी पायवाट अशाच खाचरांच्या बांधांवरून येत होती. आंबा गुणिले बटाटा म्हणजे काहीच नव्हे. लांबी गुणिले रुंदी म्हणजे काय, हे त्याला माझ्याहून चांगले ठाऊक होते. वाचक शिक्षकांनी आपल्या वर्गात ३अ + २ब हा प्रश्न देऊन, मुलांना उत्तराबरोबर कारणही लिहायला सांगावे आणि ती कारणे वाचावीत. तपासायचे आहे ते कारण. उत्तर बरोबर असूनही ते चुकलेले असू शकते.